एका सावत्र बापाची भार-चाचणी

सगळ्यात आधी एक गैरसमज दूर करतो. मी लिफ्टवाला नाही. लिफ्टवाला स्टुलावर बसतो आणि बटणं दाबतो. मी लिफ्ट निरीक्षक आहे. मी दोर तपासतो, ब्रेक तपासतो, दारं तपासतो, आणि माझी सही झाल्याशिवाय या शहरात कुठलीही लिफ्ट कायदेशीरपणे वर जाऊ शकत नाही. बेकायदेशीरपणे जाते, तो भाग वेगळा. हे मी लग्नाआधी सासऱ्यांना नीट समजावून सांगितलं होतं आणि सोसायटीच्या प्रत्येक सभेत पुन्हा सांगतो. तरी दुसऱ्या मजल्यावरच्या काकू आल्यागेल्याला माझी ओळख "हे आमचे लिफ्टवाले" अशीच करून देतात. मग तो पाहुणा माझ्याकडे बघून "चौथा" असं म्हणतो आणि उभा राहतो.

माझं दुसरं पद सावत्र बापाचं. या पदासाठी कुठलंही प्रशिक्षण नाही, परीक्षा नाही, वरिष्ठ अधिकारी नाही. दीड वर्षापूर्वी मी एका दातांच्या डॉक्टरणीशी लग्न केलं. माझं वय बघता लोक म्हणाले, उशिरा का होईना, सुचलं. तिच्याबरोबर तिची मुलगी आली. मुलगी आठवीत आहे. तिचे वडील ती अगदी लहान असतानाच गेले. त्यांचा फोटो तिच्या टेबलावर आहे, हसरा, आणि दात उत्तम. माझ्या दातांबद्दल बायकोचं मत मी इथे सांगत नाही.

मुलीबद्दल तक्रार करायला मला जागाच नव्हती आणि हीच माझी तक्रार होती. तिला मी मनातल्या मनात बाईसाहेब म्हणायचो. बाईसाहेब उलट बोलत नाहीत, रुसत नाहीत, ताटात टाकत नाहीत. माझ्याशी त्या बँकेतल्या नव्या कारकुनासारख्या वागायच्या, म्हणजे नम्र आणि काचेपलीकडून. आणि मला त्या कशानेच हाक मारायच्या नाहीत. बाबा नाही, काका नाही, अहो नाही. माझ्याशी बोलायचं असलं की समोर येऊन उभ्या राहायच्या आणि मी वर बघेपर्यंत वाट बघायच्या. टॉवेल बाहेर राहिला तर न्हाणीघरातून आवाज यायचा, "कोणीतरी टॉवेल द्या!" घरात बायको नसताना हा 'कोणीतरी' म्हणजे मीच. मी टॉवेल द्यायचो. "थँक्यू" यायचं. विषय संपायचा.

एवढं सगळं मी पुढची दहा वर्षंही सहन केलं असतं, पण मध्येच तिच्या मावशीचा फोन आला. मावशी दुसऱ्या शहरात राहते, तिच्या घराजवळ एक नावाजलेली शाळा आहे, तिला मूलबाळ नाही. तिचं म्हणणं, पोरीला माझ्याकडे पाठवा, नववीपासून इथेच शिकेल, आणि शाळेत जागा धरायची असेल तर रविवारी संध्याकाळपर्यंत कळवा. बायको मुलीला म्हणाली, "तुझी इच्छा, बाळा." मीही ताबडतोब म्हणालो, "हो हो, तुझी इच्छा." बाईसाहेबांनी आमच्याकडे आळीपाळीने बघितलं, "विचार करते," म्हणाल्या आणि आत गेल्या. दार लावलं. हळूच.

त्या रात्री मला जेवण गेलं नाही. तसा मी चांगला खाणारा माणूस आहे, म्हणजे बघा.

आता मी काही हातावर हात ठेवून बसणाऱ्यांतला नाही. जे यंत्र आपल्याला माहीत नाही त्याची आधी माहितीपुस्तिका वाचायची, ही माझी कामाची पद्धत. सावत्र बापाची माहितीपुस्तिका कुठे मिळते? सिनेमात. तेव्हा मी गेले वर्षभर सावत्र आई-बापांचे मिळतील तेवढे सिनेमे बघत आलो होतो, देशी-परदेशी, पडद्यावर खाली अक्षरं येणारे, न येणारे. या विषयावर आज माझ्याइतका अधिकाराने बोलणारा माणूस आमच्या इमारतीत एकच आहे, तो म्हणजे सातव्या मजल्यावरचा समीक्षक. त्याने तीस वर्षं वर्तमानपत्रात सिनेमांवर लिहिलं आणि आता तो लोकांच्या घरी येऊन बोलतो.

माझा अभ्यास असा सांगतो. जुन्या सिनेमात सावत्र माणूस दिसला की तो वाईट. त्याच्या कपड्यांवरूनच कळायचं. नव्या सिनेमात तो चांगला असतो, फार चांगला, आणि हीच त्याची शिक्षा. तो स्वेटर घालतो. तो सकाळी नाश्ता करायला जातो आणि करपवतो. मूल दार आपटतं आणि ओरडतं, "तू माझा बाप नाहीस!" तो खिडकीतून बाहेर बघतो. असं मध्यंतरापर्यंत चालतं. मग मूल कुठेतरी हरवतं, किंवा नदीत पडतं, किंवा दवाखान्यात पोचतं. हा धावतो. भिजतो. मूल डोळे उघडतं आणि त्याला बाबा म्हणतं. कॅमेरा वर वर जातो, आणि घरातली सगळी भांडणं खाली लहान होऊन दिसेनाशी होतात.

माझी अडचण एवढीच, की आमच्याकडे मध्यंतर येतच नव्हतं. मी स्वेटर घेतला. नाश्ता करपवला, तोही मुद्दाम नाही. पण बाईसाहेबांनी तो मुकाट्याने खाल्ला आणि "थँक्यू" म्हणाल्या. एकदा तरी दार आपट गं, असं माझ्या अगदी तोंडापर्यंत आलं होतं. शिवाय नव्या सिनेमाचा एक कडक नियम आहे: मुलावर दबाव आणायचा नाही, त्याला मोकळीक द्यायची. मी इतकी मोकळीक दिली होती की तिच्या खोलीवरून जाताना चपला हातात घ्यायचो.

मी समीक्षकाचा सल्ला घेतला. त्याने चहा घेतला. मग डोळे मिटून म्हणाला, "तुमच्या घरात संघर्ष नाही. संघर्षाशिवाय उत्कर्षबिंदू कुठून येणार? तुम्ही पात्र म्हणून फार सपाट आहात."

"मी सपाट?"

"वाईट वाटून घेऊ नका. बहुतेक बाप सपाटच असतात. पण सख्ख्यांना चालतं."

काकूंना मी विचारलं नव्हतं, पण त्यांचा सल्ला विचारण्यावर अवलंबून नसतो. त्यांनी मला जिन्यात गाठलं. "आईस्क्रीम खायला घालता का पोरीला? ड्रेस घेता का? सावत्र म्हटलं की दुप्पट करावं लागतं बघा. आणि एक सांगते, जास्त पण करू नका. लोक म्हणतात, एवढं करतोय म्हणजे मनात काहीतरी असणार." एवढं बोलून त्या भाजी घेऊन वर गेल्या. दुप्पट करायचं आणि जास्त करायचं नाही, हे गणित मला अजून सुटलेलं नाही.

बायको मात्र सरळ म्हणाली, "एवढं आहे तर तिला तोंडाने सांग ना, जाऊ नकोस म्हणून."

"सिनेमात असं सांगत नाहीत," मी म्हणालो.

"सिनेमात दातही किडत नाहीत," ती म्हणाली आणि दवाखान्यात गेली.

मग शुक्रवारी, कामावर, एका नव्या इमारतीची लिफ्ट तपासताना माझ्या डोक्यात प्रकाश पडला. लिफ्टमध्ये 'सहा माणसं' अशी पाटी असते. पण आम्ही सहा माणसांवर पास करत नाही. आम्ही तिच्यात सात-आठ माणसांच्या वजनाच्या वाळूच्या गोण्या भरतो आणि मग दोर धरतो का ते बघतो. याला भार-चाचणी म्हणतात. म्हटलं, अरे, सिनेमातली ती नदी, तो दवाखाना, ते हरवणं, हे दुसरं काय आहे? नात्यावर गोण्या टाकून बघतात. आमच्या नात्यावर आजवर कोणी गोणीच टाकली नव्हती! आता नदीचं म्हणाल तर मला पोहता येत नाही. पण लिफ्ट माझ्या हातातली होती.

बेत साधा होता. रविवारी दुपारी मी आणि बाईसाहेब आमच्या इमारतीच्या लिफ्टने वर येणार. ऑफिसातला मेकॅनिक गच्चीवरच्या यंत्रखोलीत बसून तिसऱ्या आणि चौथ्या मजल्याच्या मध्ये वीज बंद करणार. मुलगी घाबरणार. मी शांत, खंबीर, स्वेटरमध्ये. अर्धा तास आम्ही बोलणार. मग मेकॅनिक वीज चालू करणार, दार उघडणार, आणि ती मावशीला फोनवर नाही म्हणणार. धोका शून्य, कारण या लिफ्टची तपासणी मागच्याच महिन्यात मी स्वतः केली होती.

मेकॅनिक सिनेमाचा भयंकर शौकीन. तो एका पायावर तयार झाला. "साहेब, नुसती बंद करू? एक झटका पण देतो. इफेक्ट येईल."

"झटका नको."

"बरं, छोटा देतो."

रविवारी मी बाईसाहेबांना म्हणालो, "खालच्या दुकानातून वही आणायची होती ना तुझी? चल, मीही येतो." तिने माझ्या स्वेटरकडे बघितलं. बाहेर ऊन मी म्हणत होतं. मग तिने माझ्या खांद्यावरच्या फुगलेल्या पिशवीकडे बघितलं. वही घेतली, परत आलो, लिफ्टमध्ये शिरलो. पोलादी दारं मिटली. दुसरा मजला गेला. तिसरा गेला. आणि छोटा झटका बसला. त्या छोट्या झटक्याने माझा चष्मा नाकावरून उडून कोपऱ्यात पडला.

"अडकली वाटतं," बाईसाहेब म्हणाल्या. आवाजात भीतीचं नाव नाही.

"घाबरू नकोस," मी चाचपडत म्हणालो. "मी आहे."

"हो, दिसताय."

मी चष्मा शोधला आणि ठरल्याप्रमाणे पिशवी उघडली. त्यात पाण्याची बाटली, बिस्किटांचा पुडा, टॉर्च, पुठ्ठ्याचा पंखा आणि दोन उश्या होत्या. मी त्यातली एक उशी तिला दिली. ती उशीकडे आणि माझ्याकडे बराच वेळ बघत राहिली.

"वही आणायला तुम्ही नेहमी उश्या घेऊन जाता?"

यावर मी काही बोलणार, एवढ्यात वरून, गच्चीच्या दिशेने, लिफ्टच्या खड्ड्यातून मेकॅनिकचा खणखणीत आवाज आला. "साहेब! सीन सुरू झाला का? किती वेळ ठेवू?"

त्या आवाजाने इमारतीतली झाडून सगळी दारं उघडली असावीत. मी तर जागच्या जागी विरघळलो. बाईसाहेब उशीवर बसल्या, पाय पोटाशी घेतले आणि शांतपणे म्हणाल्या, "सांगा त्यांना, सुरू झालाय."

इथपर्यंत तरी निभावलं असतं. पण आमच्या सोसायटीचे सेक्रेटरी जागे झाले. सेक्रेटरींचा माझ्यावर मागच्या महिन्यापासून राग होता, कारण तपासणीत मी शेरा मारला होता: 'यंत्रखोलीला कुलूप नसते. परक्या माणसास प्रवेश मिळतो. ही बाब गंभीर आहे.' तो शेरा त्यांना फार लागला होता. त्यांनी स्वतःच्या खर्चाने हातभर कुलूप आणलं होतं. आता मेकॅनिक सीन कसा चाललाय ते ऐकायला चौथ्या मजल्यावर उतरला, आणि सेक्रेटरी गच्चीवर गेले. त्यांना खोली उघडी दिसली. त्यांनी कुलूप ठोकलं, चावी खिशात टाकली आणि खाली येऊन मेकॅनिकची गचांडी धरली.

"कोण तू? ओळखपत्र दाखव!"

"अहो, मी साहेबांचा माणूस. चावी द्या, लिफ्ट चालू करायचीय."

"साहेबांनीच लेखी दिलंय, परक्या माणसाला आत सोडू नका."

मी आतून दारावर थाप मारली. "सेक्रेटरी, मी निरीक्षक बोलतोय! मी परवानगी देतो, उघडा!"

बाहेरून सेक्रेटरी म्हणाले, "आज रविवार आहे. आज तुम्ही निरीक्षक नाही, सभासद आहात. लेखी द्या."

आणि त्याच क्षणी आतला दिवा गेला. वीज गेली तरी बॅटरीवर तो तासभर चालायला हवा. त्या बॅटरीपुढे 'समाधानकारक' असं मीच लिहिलं होतं.

आता जे सांगतो ते आमच्या ऑफिसात कोणाला माहीत नाही. मी आयुष्यात शेकडो लिफ्ट तपासल्या, पण नेहमी वरून, खालून किंवा बाहेरून. बंद पडलेल्या लिफ्टच्या आत मी कधीच नव्हतो. मिट्ट काळोख झाला आणि ती चार पोलादी भिंतींची खोली माझ्या अंगावर यायला लागली. स्वेटर गळ्याशी आवळला. शांत, खंबीर असं जे काही मी पाठ करून आलो होतो ते साफ विसरलो आणि माझ्या तोंडून जो आवाज निघाला तो मी पूर्वी फक्त ग्रीस संपलेल्या दारातून ऐकला होता.

"अहो, काय होतंय?" बाईसाहेबांचा आवाज पहिल्यांदाच बदलला. टॉर्च लागला. "खाली बसा. बसा आधी! स्वेटर काढा. हात वर करा... तो नाही, दुसरा. हं. आता श्वास घ्या. हळू. सोडा. परत घ्या." तिने पंख्याने वारा घातला. बाटली उघडून हातात दिली. पिताना निम्मं पाणी शर्टावर सांडलं. म्हणजे सिनेमातल्यासारखा भिजलो एकदाचा.

"तुम्हाला बंद जागेची भीती वाटते?"

"मलाही आत्ताच कळलं," मी म्हणालो.

ती हसली. दीड वर्षात ती माझ्यासमोर अशी फसकन कधी हसली नव्हती. टॉर्चच्या उजेडात तिचे दात दिसले, अगदी फोटोतल्यासारखे.

दरम्यान बाहेर जिन्यात सभा भरली होती. काकूंचा आवाज सगळ्यांत वर. "बाळ, तू त्यांच्यापासून लांब बस हो! मी खूप सिनेमे बघितलेत. सावत्र माणूस असा एकांतातच डाव साधतो. दूध प्यायला दिलं तर पिऊ नकोस!"

"काकू, तो काळ गेला," समीक्षक म्हणाला. "आजच्या चित्रपटात सावत्र पिता हा हळवा पुरुष आहे. तो स्वतःच्या अपुरेपणाशी झगडतो."

"मग बाहेर येऊन झगडा म्हणावं. पोरीला कशाला कोंडलंय?"

"हे कोंडणं प्रतीकात्मक आहे."

"कुलूप तर खरं आहे," सेक्रेटरी म्हणाले.

मग बायकोचा आवाज आला, अगदी दाराशी. "दोघं ठीक आहात ना?"

"मी ठीक आहे, आई," बाईसाहेब म्हणाल्या. "यांना जरा वेळ लागेल."

"बरं. मी इथेच पायरीवर बसलेय." बस्स, एवढंच. दुसरी कोणी असती तर आकाशपाताळ एक केलं असतं. माझी बायको लोकांच्या किंकाळ्या ऐकून पोट भरते, तिला अशाने काही होत नाही.

आत टॉर्च छताकडे करून आम्ही दोघं उश्यांवर बसलो. बिस्किटं खाल्ली. जरा वेळाने तीच म्हणाली, "तुम्ही ते सगळे सिनेमे आवाज मोठा करून लावायचात. मला ऐकू जावं म्हणून ना?"

"थोडंसं."

"मी पण बघितलेत ते. दाराच्या फटीतून." तिने गुडघ्यावर हनुवटी टेकली. "मला एकही आवडला नाही. त्यातल्या मुलीला अभ्यास नसतो, मैत्रिणी नसतात, काहीच नसतं. तिला एकच काम असतं. आधी रागवायचं आणि मग माफ करायचं. सगळे तिच्या तोंडाकडे बघत बसतात, ही कधी माफ करते. पण तुम्ही तर काही केलंच नाहीये! मी माफ काय करू?"

वर्षभर माहितीपुस्तिका वाचून मला जे कळलं नव्हतं ते मी अंधारात बिस्कीट हातात धरून ऐकत होतो.

"मग हाक का मारत नाहीस मला?" हे मी विचारणार नव्हतो, पण विचारून बसलो.

"काय मारू? बाबा म्हटलं की मला तो फोटो दिसतो. काका म्हटलं तर दुसऱ्या मजल्यावरचे काका ओ देतात. मी मनात बरीच नावं लावून बघितली तुम्हाला. एकही बसलं नाही." मग ती टॉर्चचं बटण चालू-बंद करायला लागली. "आणि नाव शोधून तरी काय उपयोग? तुम्हाला मी मावशीकडे गेलेलीच हवी आहे."

"मला?"

"तुम्हीच म्हणालात. 'हो हो, तुझी इच्छा.' दोनदा हो म्हणालात. आई एकदाच म्हणाली होती, ती पण रडवेली होऊन. तुम्ही तर माझ्या खोलीवरून जाताना चपलासुद्धा काढता. मला वाटलं, हे पाहुण्यासारखे राहतात. मी गेले की नीट राहतील, आपल्या घरात."

आता सांगा. मी मोकळीक, मोकळीक म्हणून जे काही देत होतो, ते त्या पोरीला 'जा' असं ऐकू जात होतं. मला स्वतःचा असा राग आला की भीतीबिती कुठल्या कुठे पळाली. माझ्यासमोर आता सिनेमाही नव्हता, नियमही नव्हता. मी सरळ बोललो आणि बहुतेक ओरडूनच बोललो.

"जाऊ नकोस! अजिबात जाऊ नकोस. ती शाळा कितीही मोठी असू दे. तू गेलीस तर मला करमणार नाही. मी कोणाला टॉवेल देऊ? मला तू घरात हवी आहेस. नम्र नको, कशीही चालेल. दारं आपट. मी काय चपला हातात घेऊन आनंदाने फिरत होतो होय? मला वाटायचं, तुला माझा आवाज नको असेल. तुझी इच्छा वगैरे सगळं झूट. माझी इच्छा आहे तू राहावंस. आता कर काय करायचं ते!"

बाईसाहेब टॉर्च विझवून बसल्या. अंधारात नाक ओढल्याचा आवाज आला. एकदा तिचा आला, एकदा माझा.

"एवढं सांगायला लिफ्ट बंद पाडलीत?" शेवटी ती म्हणाली.

"भार-चाचणी होती."

"कोणाची?"

"तुझी ठरली होती. माझीच झाली."

तेवढ्यात बाहेरून बायकोचा आवाज आला, दवाखान्यातला, गोड आणि थंड. "सेक्रेटरी, तुमची ती दाढ बुधवारी काढायची आहे ना? भूल द्यायची की नाही ते मी अजून ठरवलेलं नाही. चावी?"

सेक्रेटरींनी लेखी, शिक्का, ठराव, सगळं गिळलं. चावी खणकन वाजली. मेकॅनिकचे पाय जिन्यावरून धडधडत वर गेले. दिवा लागला, लिफ्ट हलली आणि चौथ्या मजल्यावर दारं उघडली. बायकोला मी नंतर विचारलं की ही दाढेची धमकी तुला आधी सुचली नाही का. ती म्हणाली, "पाच मिनिटांतच सुचली होती. पण आत बोलायला लागला होतात, म्हणून बसून राहिले."

बाहेर अख्खी इमारत उभी. काकू डोळ्याला पदर लावून तयार. समीक्षक एक पाऊल पुढे, शेवटची चौकट चुकू नये म्हणून. काकूंनी बाईसाहेबांचे दोन्ही हात धरले. "बोल गं बाळ, काय म्हणालीस त्यांना? बाबा म्हणालीस ना?"

"नाही," ती म्हणाली. "श्वास घ्या म्हणाले."

समीक्षकाने मान हलवली. "शेवट कच्चा राहिला," असं पुटपुटत तो सातव्या मजल्यावर गेला. जिन्याने.

संध्याकाळी मावशीचा फोन आला. बाईसाहेबांनी तो स्वतः घेतला. मी बाहेरच्या खोलीत वर्तमानपत्र वाचत होतो. ते उलटं होतं, असं बायकोचं म्हणणं आहे, पण त्यात वाचण्यासारखं तसंही काही नसतं.

"नाही गं मावशी, मी नाही येत... हो, शाळा चांगली आहे, माहितीये... नाही, आई काही म्हणाली नाही. आमच्याकडच्या एकांनी सांगितलं, जाऊ नकोस म्हणून... ओरडून सांगितलं." मग ती हसली. "सुट्टीत येईन ना. त्यांनाही आणू का बरोबर? लिफ्टने नको यायला म्हणतील, तू तळमजल्यावरच राहतेस, ते बरं आहे." फोन ठेवून ती खोलीत गेली आणि तिने दार लावलं. धाडकन. बहुधा वाऱ्याने असेल, पण माझ्या अंगावर काटा आला.

सोमवारी ऑफिसात साहेबांनी मला बोलावलं. सेक्रेटरींची तक्रार माझ्या आधी पोचली होती. बॅटरी 'समाधानकारक' कशी, याचा खुलासा मला द्यावा लागला, मेकॅनिकची बदली होता होता वाचली, आणि साहेबांनी सगळ्यांसमोर विचारलं, "इतकी वर्षं नोकरी झाली, लिफ्टमध्ये अडकतो कसा हो माणूस?" मी मान खाली घालून सगळं ऐकून घेतलं. खोटं कशाला सांगू, खाली घातलेल्या मानेत मी हसत होतो.

मंगळवारी सकाळी बायको लवकर दवाखान्यात गेली होती. मी डबा भरत होतो. न्हाणीघरातून पाण्याचा आवाज थांबला. मी सवयीने दांडीवरच्या टॉवेलकडे हात नेला आणि 'कोणीतरी'ची वाट बघत थांबलो. मग एकदम खणखणीत हाक आली, अशी की दुसऱ्या मजल्यापर्यंत ऐकू जावी.

"अहो लिफ्टवाले! टॉवेल!"

आयुष्यभर मी या शब्दाशी भांडलो. सासऱ्यांशी, काकूंशी, भर सभेत. जिभेवर उत्तर तयारच असतं माझ्या: मी लिफ्टवाला नाही, मी लिफ्ट निरीक्षक आहे. त्या दिवशी मात्र मी डबा उघडाच टाकला आणि "आलो, आलो!" करत टॉवेल घेऊन पळालो.

दार फटीएवढं उघडलं, हात बाहेर आला, टॉवेल आत गेला आणि लगेच परत बाहेर आला.

"हा नको हो, माझा निळा आहे. दीड वर्ष झालं, अजून कळत नाही?"

दार धाडकन आपटलं. या वेळी वारा नव्हता.